टेडी वेदरफर्ड : शिकागो ते कलकत्ता, व्हाया मुंबई

२८ मे १९२६ रोजी शिकागोत अर्स्किन टेट यांच्या व्हेंडोम वाद्यवृंदाने व्होकॅलियन कंपनीसाठी दोन रचना ध्वनिमुद्रित केल्या. एकीचे नाव 'स्टॅटिक स्ट्रट', दुसरीचे 'स्टॉम्प ऑफ, लेट्स गो'. प्रत्येकी जेमतेम तीन मिनिटांची. जॅझचे रसिक ही ध्वनिमुद्रिका आजही शोधून ऐकतात ती लुई आर्मस्ट्राँगसाठी. तेव्हा तो चोवीस वर्षांचा होता आणि त्याच्या ट्रम्पेटमधली ती झेप पुढे साऱ्या जगाने ओळखली. पण आर्मस्ट्राँगची वाट पाहत आपण ऐकत असताना मध्येच पियानो एकटा पुढे येतो. डाव्या हाताचा भक्कम ठेका, त्यावर उजव्या हाताच्या तुटक, धारदार, नको तिथे वळून पुन्हा अचूक समेवर येणाऱ्या ओळी. क्षणभर ट्रम्पेटचा विसर पडतो. हा पियानो वाजवणारा माणूस बावीस वर्षांचा होता. त्याचे नाव टेडी वेदरफर्ड.

त्याच वर्षी वेदरफर्डने अमेरिका सोडली. मधल्या काळात तो एकदा माघारी गेला खरा, पण तोही नवा बँड जमवून पुन्हा आशियात आणण्यासाठी. शांघाय, मनिला, सिंगापूर, सुराबाया, मुंबई, कोलंबो, कलकत्ता असा त्याचा पुढचा सारा प्रवास. २५ एप्रिल १९४५ रोजी कलकत्त्यात पटकीने त्याचा मृत्यू झाला. वय अवघे एकेचाळीस.

जॅझच्या बहुतेक इतिहासग्रंथांत त्याच्या वाट्याला एखाददुसरा परिच्छेद येतो, आणि त्याचा सूर ठरलेला असतो : हा माणूस मायदेशी राहिला असता तर फार मोठा झाला असता. या वाक्यात हळहळ आहे, तसाच एक हिशेबही आहे. जे न्यूयॉर्क-शिकागोत घडले, जे तबकडीवर उतरले, तेवढेच घडले असा तो हिशेब. आपल्या मुंबईशी, गोव्याशी आणि थोड्या वळणाने आपल्या चित्रपटसंगीताशीही या माणसाचा संबंध आहे. म्हणून तो हिशेब आपल्या बाजूने एकदा तपासून पाहायला हवा.

*

थिओडोर वेदरफर्डचा जन्म ११ ऑक्टोबर १९०३चा, व्हर्जिनिया राज्यातल्या पोकाहाँटस या कोळशाच्या खाणींच्या गावातला. बालपण शेजारच्या वेस्ट व्हर्जिनियातल्या ब्लूफील्डमध्ये गेले. कोळसा आणि रेल्वे यांवर जगणारा हा डोंगराळ मुलूख. पण बाराव्या वर्षाच्या सुमारास तो न्यू ऑर्लिन्सला पोहोचला आणि १९१५ ते १९२० ही वर्षे तिथे राहिला. हीच ती वर्षे आणि हेच ते शहर, जिथे जॅझ नावाची गोष्ट आकार घेत होती. पियानो तो तिथे शिकला.

तिथून शिकागो. दक्षिणेतल्या वंशभेदाला, झुंडशाहीला आणि दारिद्र्याला कंटाळून लक्षावधी कृष्णवर्णीय त्या काळात उत्तरेकडच्या औद्योगिक शहरांत निघाले होते. शिकागोच्या साउथ साइड भागात त्यांची वस्ती वाढली आणि त्या वस्तीबरोबर तिची करमणूकही आली. व्हेंडोम हे तिथले मोठे चित्रपटगृह. सिनेमा अजून मुका होता, त्यामुळे पडद्यासमोर बसून वाजवणारा वाद्यवृंद हा चित्रपटगृहाचा प्राण असे. अर्स्किन टेट यांचा वाद्यवृंद आधी एखादी अभिजात पाश्चात्त्य रचना सादर करी, मग सिनेमाला साथ करी आणि मध्यंतरात जॅझ वाजवी. या वाद्यवृंदात बसायचे तर समोर ठेवलेले कोणतेही स्वरलेखन झरझर वाचता आले पाहिजे, आणि कागद बाजूला ठेवून स्वतःच्या मनाने रचताही आले पाहिजे. आर्मस्ट्राँग १९२५च्या अखेरीस या वाद्यवृंदात आला, तेव्हा वेदरफर्ड शिकागोतल्या पहिल्या प्रतीच्या पियानोवादकांत गणला जात होता.

त्याची शैली समजून घ्यायची तर डाव्या हाताकडे लक्ष द्यावे लागते. त्या पिढीच्या पियानोवादनाला 'स्ट्राइड' म्हणतात, म्हणजे लांब ढांग टाकत चालणे. चार मात्रांपैकी पहिल्या आणि तिसऱ्या मात्रेवर डावा हात खर्जातला एक जड स्वर वाजवतो, दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर झेप घेऊन मध्य सप्तकातला स्वरसमूह. ही ये-जा अतिद्रुत लयीतही चुकता कामा नये. डावा हात असा एकट्याने डग्गा आणि तंबोरा अशी दोन्ही कामे करतो, तेव्हा उजवा हात मोकळा होतो. बँड नसला तरी एकट्या पियानोवर माणसे नाचू शकतात. वेदरफर्ड पुढे वीस वर्षे जो संसार करू शकला तो या हातांच्या जोरावर. मागे कसाही बँड असो, नवखा असो की अर्धवट शिकलेला, त्या पियानोवर तो उभा राहू शकत असे.

त्याच सुमारास शिकागोत आणखी एक पियानोवादक आला होता. अर्ल हाइन्स. दोघांचे जन्मवर्ष एकच. १९२८ साली हाइन्स आणि आर्मस्ट्राँग यांनी एकत्र केलेल्या ध्वनिमुद्रणांनी जॅझमधल्या पियानोची दिशा बदलली असे मानले जाते, आणि आधुनिक जॅझ पियानोचा जनक म्हणून हाइन्सचे नाव घेतले जाते. त्यात अयोग्य काहीच नाही. पण १९२६च्या त्या तीन मिनिटांत आपण जे ऐकतो ते हाइन्सच्या त्या कामगिरीच्या आधीचे आहे. आर्मस्ट्राँगच्या शेजारची खुर्ची त्या दिवशी वेदरफर्डची होती. दोन वर्षांनी तो शांघायमध्ये होता.

*

शांघायच का? जॅक कार्टर नावाच्या ड्रमवादकाने आशियाच्या दौऱ्यासाठी बँड जमवला आणि वेदरफर्ड त्यात गेला, एवढे साधे उत्तर आहे. काही काळाने व्हॅलेडा स्नो ही ट्रम्पेट वाजवणारी आणि गाणारी विलक्षण कलावतीही या बँडमध्ये आली. पण तो परतला का नाही, याचे उत्तर त्या काळच्या अमेरिकेकडे पाहिल्यावर कळते. ज्या हॉटेलात कृष्णवर्णीय वादक रात्री वाजवी, त्याच हॉटेलात त्याला खोली मिळत नसे. जेवण मागच्या दाराने. दक्षिणेतल्या रेल्वेत वेगळा डबा. पूर्वेकडच्या बंदरांत मात्र तो 'अस्सल अमेरिकन' कलावंत होता, पगार चांगला होता आणि हाताशी नोकर होते.

शांघायमध्ये तो पुढे एक प्रस्थच झाला. अमेरिकन कवी लँग्स्टन ह्यूज १९३३ साली तिथे गेला होता. त्याने आपल्या आत्मचरित्रात वेदरफर्डच्या भेटीबद्दल लिहिले आहे. १९३४ साली वेदरफर्ड कॅलिफोर्नियाला गेला आणि बक क्लेटन या तरुण ट्रम्पेटवादकाचा बँड शांघायच्या कॅनिड्रोम बॉलरूमसाठी घेऊन आला. कॅनिड्रोम म्हणजे फ्रेंच वसाहतीतले शिकारी कुत्र्यांच्या शर्यतींचे मैदान, त्याला जोडूनच हे भव्य नृत्यगृह. क्लेटन पुढे काउंट बेसीच्या नामांकित बँडमधला प्रमुख वादक झाला. त्याने म्हातारपणी सांगून ठेवले आहे की शांघायमध्ये वेदरफर्ड एका रात्रीत चार चार ठिकाणी वाजवत असे. एका क्लबात जायचे, ठरलेला वेळ वाजवायचे आणि गाडीत बसून पुढच्या क्लबात.

पण हे स्वातंत्र्य निर्भेळ नव्हते. शांघायच्या परकीय वसाहतीतली सार्वजनिक बाग १९२८पर्यंत चिनी नागरिकांना बंद होती. म्हणजे अमेरिकेत ज्याला मागच्या दाराने यावे लागे त्याला इथे पुढचे दार उघडे होते, आणि ज्यांचे हे शहर ते दाराबाहेर होते. वर्णभेदाची शिडी तीच, फक्त पायऱ्यांवरची माणसे बदललेली. क्लेटनच्या वाट्याला तर जुनी शिडीही आली. एका गोऱ्या अमेरिकनाशी झालेल्या मारामारीनंतर कॅनिड्रोममधले त्याचे काम गेले. मग तो साध्या नृत्यगृहांत चिनी लोकप्रिय गाणी वाजवू लागला. ली जिनहुई हा चिनी संगीतकार त्याच दिवसांत लोकधुना आणि जॅझ यांच्या मिश्रणातून नवे गाणे घडवत होता, आणि शिष्ट मंडळी त्याला अश्लील, उथळ म्हणून नावे ठेवत होती. हिंदी चित्रपटसंगीताला पुढे जे ऐकावे लागले त्याची ही चिनी आवृत्ती.

शांघायच्या बँडांत आणखी एक समाज मोठ्या संख्येने होता. फिलिपिनो. फिलिपिन्सवर तीनशेहून अधिक वर्षे स्पेनचे राज्य होते. चर्चच्या गायनवृंदांतून आणि लष्करी बँडांतून तिथल्या मुलांना पाश्चात्त्य स्वरलेखन पिढ्यान्पिढ्या शिकवले गेले होते. पूर्व आशियातल्या प्रत्येक बंदरात, प्रत्येक जहाजावर फिलिपिनो वादक असे. वेदरफर्ड त्यांच्याबरोबर वाजवत आला होता. मुंबईत पोहोचल्यावर त्याला हीच गोष्ट दुसऱ्या नावाने भेटणार होती.

*

मुंबईचे ताजमहाल हॉटेल उघडले ते वेदरफर्डच्या जन्माच्याच वर्षी, डिसेंबर १९०३मध्ये. १९३५ साली लिऑन अ‍ॅबी या व्हायोलिनवादकाचा कृष्णवर्णीय अमेरिकन बँड ताजमध्ये आला. मुंबईने अशा बँडचा जॅझ इतक्या जवळून ऐकण्याची ही सुरुवात. पाठोपाठ क्रिकेट स्मिथ आला. हा ट्रम्पेटवादक मोठा अनुभवी. जॅझ हे नाव रुळण्याआधी, १९१३-१४ साली न्यूयॉर्कच्या जेम्स रीस युरोप यांच्या वाद्यवृंदात वाजवलेला. वेदरफर्ड ताजवर आला तो याच काळात. दोघे एका बँडमध्ये होते, आणि पुढे बँडची सूत्रे वेदरफर्डकडे आली. स्मिथच्या बँडने १९३६ साली मुंबईत ध्वनिमुद्रित केलेल्या एका फॉक्सट्रॉटचे नावच 'ताजमहाल' होते. नरेश फर्नांडिस यांनी मुंबईच्या जॅझयुगावर लिहिलेल्या 'ताजमहाल फॉक्सट्रॉट' या अभ्यासपूर्ण इंग्रजी पुस्तकाचे नाव त्यावरून आले आहे. या विस्मृत काळाची दारे आपल्या पिढीला मुख्यतः त्या पुस्तकाने उघडून दिली.

ताजच्या बॉलरूममध्ये कोण येत असे? इंग्रज अधिकारी, युरोपीय व्यापारी, संस्थानिक, पारशी आणि गुजराती धनिक, बगदादी ज्यू कुटुंबे. शेजारच्याच यॉट क्लबात हिंदी माणसाला सभासद म्हणून प्रवेश नव्हता. ताजमध्ये होता, मात्र खिशात पैसे हवेत. म्हणजे हा जॅझ मुंबईतल्या अगदी मूठभरांचा. गिरणगावातल्या माणसाला त्या दाराच्या आत काय चालते याची कल्पनाही असण्याचे कारण नव्हते. हे स्पष्ट सांगायला हवे, कारण नाहीतर जुन्या मुंबईच्या आठवणींना एक गुलाबी रंग चढतो आणि जणू सारे शहर तेव्हा फॉक्सट्रॉटवर नाचत होते असे वाटू लागते.

१९३७ साली पॅरिसमध्ये मोठे आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरले, त्या उन्हाळ्यात वेदरफर्ड तिथे गेला. पॅरिसमध्ये त्याच वर्षी 'स्विंग' नावाची खास जॅझसाठीची ध्वनिमुद्रण कंपनी निघाली होती, तिच्यासाठी त्याने एकट्याच्या पियानोवादनाच्या तबकड्या केल्या. शिकागोतल्या त्या दोन रचनांनंतर त्याचे हात इतक्या स्वच्छपणे ऐकू येतात ते इथेच. त्याच ऑगस्टमध्ये जपानने शांघायवर हल्ला चढवला आणि ते शांघाय संपत गेले. पॅरिसमध्ये राहण्याची सोय होती. तिथे कृष्णवर्णीय अमेरिकन कलावंतांची छोटी वस्तीच होती. पण तो पूर्वेला परतला.

*

आता बँडच्या मंचावर वेदरफर्डच्या आजूबाजूला कोण बसले होते ते पाहू. ताजवर आलेले बँड अमेरिकेतून येताना पूर्ण असत. करार संपले की कोणी माघारी जाई, कोणी युरोपात. युद्धाची चाहूल लागली तशी ही गळती वाढली आणि रिकाम्या खुर्च्यांवर इथले वादक बसू लागले. अँग्लो-इंडियन होते, ज्यू होते, पण सर्वांत मोठी संख्या गोमंतकीयांची.

गोव्यातल्या चर्चना जोडलेल्या शाळांतून पोर्तुगीज काळात कित्येक पिढ्यांनी 'सोल्फा' गिरवला. व्हायोलिन हाती आलेला मुलगा रविवारच्या प्रार्थनेला वाजवी, लग्नाच्या मिरवणुकीत वाजवी, आणि मोठा झाला की पोट भरण्यासाठी मुंबई गाठी. धोबी तलावच्या आसपास गावागावांचे 'कूड' होते. म्हणजे एकेका गावच्या माणसांनी मिळून चालवलेली, पथारी टाकण्यापुरती जागा देणारी वसतिगृहे. तिथे राहून हे वादक मुक्या सिनेमाच्या वाद्यवृंदांत, संस्थानिकांच्या बँडांत, जहाजांवर आणि हॉटेलांत कामे मिळवत. कागदावर लिहिलेले काहीही ते वाजवू शकत. अडचण एवढीच की जॅझमधले जे खरे जॅझ, ते कागदावर लिहिलेले नसते.

स्वरलेखन विलायतेहून मागवता येई. तबकड्या विकत मिळत. पण ठोका मात्रेच्या किती केसभर मागे ठेवला की लय झुलू लागते, कोणता स्वर किंचित दाबून धरायचा, दुसरा वादक मनाने वाजवत असताना आपण गप्प केव्हा बसायचे, हे शेजारी बसल्याशिवाय कळत नाही. रात्री चार-पाच तास, आठवड्यातून सहा रात्री, अशा पियानोच्या कुशीत बसलेला वादक काही महिन्यांत बदलून जातो. त्याला कोणी 'शिकवले' असे म्हणता येणार नाही. तो फक्त बसलेला असतो.

मराठी वाचकाला ही गोष्ट नवी वाटू नये. आपण तिला गुरुमुखी विद्या म्हणतो. आणि इथे मुंबईच्या त्याच दशकातले एक दुसरे चित्र आठवल्याशिवाय राहत नाही. ताजपासून दोन-चार मैलांच्या परिसरात उस्ताद अल्लादिया खाँ शिष्यांना तालीम देत होते. शाहू महाराजांच्या निधनानंतर कोल्हापूर सोडून ते मुंबईला आले होते. त्यांच्या श्रेष्ठ शिष्यांपैकी दोघी, केसरबाई केरकर आणि मोगूबाई कुर्डीकर, गोव्याच्या. एक केरीची, एक कुर्डीची. देवळांच्या आश्रयाने गाणे जपणाऱ्या समाजातून आलेल्या. म्हणजे १९३०च्या दशकात एकाच गोव्यातून संगीताचे दोन प्रवाह मुंबईत येत होते. देवळाच्या अंगणातून निघालेला प्रवाह अत्रौली-जयपूर घराण्याच्या उस्तादांकडे गेला, आणि चर्चच्या अंगणातून निघालेला प्रवाह न्यू ऑर्लिन्स आणि शिकागोच्या वादकांकडे. दोन्हीकडे विद्या कागदाबाहेरची. दोन्हीकडे ती समोर बसून घ्यायची.

फरक पुढे पडला. घराण्यात गुरूचे नाव घेताना कानाच्या पाळीला हात लावण्याची रीत आहे. कोण कोणाकडे शिकले, किती वर्षे, कोणता राग कोणाकडून आला, हे सांगितले जाते, त्यावर वाद घातले जातात, मैफलीत ते मिरवले जाते. हॉटेलच्या बँडला अशी रीत नव्हती. तिथे करार होता, पगार होता, रात्री अकराचा एक खेळ होता. वंशावळ ठेवणारे कोणी नव्हते. वेदरफर्डचे घराणे नाही असे आपण म्हणतो, तेव्हा खरे म्हणजे त्याच्या घराण्याची नोंद नाही, एवढेच आपण म्हणत असतो.

*

मुंबईनंतर कोलंबोचे गाल फेस हॉटेल, आणि युद्ध भडकल्यावर कलकत्ता. चौरंगीवरचे ग्रँड हॉटेल १९३७ साली टायफॉइडच्या साथीने बंद पडले होते. मोहन सिंग ओबेरॉय यांनी ते चालवायला घेऊन पुन्हा उभे केले होते. युद्धात ते लष्करी अधिकाऱ्यांनी भरून गेले. वेदरफर्डचा बँड तिथे वाजवू लागला. त्याने इथल्याच एका अँग्लो-इंडियन तरुणीशी लग्न केले. कोलंबिया कंपनीसाठी कलकत्त्यात त्याने या वर्षांत अनेक तबकड्या केल्या, अमेरिकन सैनिकांसाठीच्या रेडिओवरही त्याचा बँड वाजू लागला.

या बँडकडे नुसते माणसे मोजत पाहिले तरी त्या युद्धाचा नकाशा दिसतो. १९४२ साली जपानने ब्रह्मदेश घेतला, तेव्हा तिथून निसटून आलेले रूबेन सॉलोमन आणि सेड्रिक वेस्ट त्यात होते. नेपाळी वंशाचा, मूळ नाव पुष्कर बहादूर असलेला ट्रम्पेटवादक जॉर्ज बँक्स होता. अँग्लो-इंडियन, गोमंतकीय, अमेरिकन असे सारे एका मंचावर. त्याच वेळी अमेरिकेच्या सैन्यात गोऱ्या आणि काळ्या सैनिकांच्या तुकड्या वेगळ्या होत्या. आसामातून ब्रह्मदेशात जाणारा लेडो रस्ता खोदणाऱ्या अमेरिकन सैनिकांत बहुसंख्य कृष्णवर्णीय होते, आणि रजेवर कलकत्त्याला आले की त्यांच्यासाठी क्लबही वेगळा होता. अमेरिकेने मायदेशातली शिडी जहाजात घालून इथवर आणली होती. वेदरफर्डने ती अठरा वर्षांपूर्वी मागे टाकली होती.

आणि मग १९४३. बंगालच्या दुष्काळात मेलेल्यांचे अंदाज पंधरा लाखांपासून तीस लाखांपर्यंत आहेत. खेड्यांतून अन्नाच्या शोधात आलेली माणसे कलकत्त्याच्या फुटपाथवर मरत होती. चौरंगीवर मरत होती. त्या रस्त्यावरच्या हॉटेलात जेवणाचे टेबल भरलेले होते आणि बँड वाजत होता. वेदरफर्डबद्दल लिहिणाऱ्याला हे दृश्य टाळून पुढे जाता येणार नाही. याचा दोष पियानो वाजवणाऱ्याला देण्यात अर्थ नाही. जहाजे आणि धान्य कोणाच्या हुकमाने कुठे जात होती हे आता पुरेसे माहीत आहे. पण ज्या जागतिक व्यवस्थेने एका कृष्णवर्णीय पियानोवादकाला पूर्वेच्या बंदरांत सन्मानाने जगू दिले, ती व्यवस्था कोणाच्या जिवावर उभी होती ते त्या वर्षी हॉटेलच्या दारात येऊन पडले.

दुष्काळामागून रोगराई आली. पटकी हा गरिबांचा रोग समजला जाई, पण पाणी माणूस बघून पोटात जात नाही. एप्रिल १९४५मध्ये वेदरफर्डला पटकीने गाठले आणि २५ तारखेला सारे संपले. त्यानंतर दोन आठवड्यांच्या आत युरोपातले युद्ध थांबले.

*

पुढे काय झाले? स्वातंत्र्य आले, हॉटेलांतले गोरे गिऱ्हाईक ओसरले, मुंबईत १९५०च्या सुमारास दारूबंदी कडक झाली आणि रात्रीच्या बँडांचा धंदा बसला. तोवर हिंदी चित्रपटांचे वाद्यवृंद मोठे होऊ लागले होते आणि त्यांना स्वरलेखन वाचणारे, शिवाय झुलती लय अंगात मुरलेले वादक हवे होते. हॉटेलचे मंच सुटलेले गोमंतकीय वादक स्टुडिओत गेले. हळदोण्याचा आंतोनियो शाव्हियेर वाझ, म्हणजेच चिक चॉकलेट, 'भारताचा लुई आर्मस्ट्राँग' म्हणून ताजवर गाजलेला, पुणतांब्याच्या रामचंद्र चितळकरांच्या, म्हणजे सी. रामचंद्रांच्या, संगीताला साथ देऊ लागला. १९५१च्या 'अलबेला'त चिक आणि त्याचा बँड भगवानदादांच्या जोडीला चक्क पडद्यावर दिसतात. त्या गाण्यांनी मराठी माणसाचा पाय धरला तो आजवर सोडलेला नाही. लग्नाच्या वरातीत, गणपतीच्या मिरवणुकीत ती अजून वाजतात. ताजच्या दारातून ज्याला आत जाता आले नसते, त्या गिरणगावातल्या माणसापर्यंत ती लय अशी वळसा घालून पोहोचली. कुडचड्याचा ट्रम्पेटवादक फ्रँक फर्नांड याच पिढीचा. त्याने पुढे 'आमचें नशीब' आणि 'निर्मोण' हे कोंकणी चित्रपट केले.

वेदरफर्डच्या कलकत्त्याच्या बँडमधल्या जॉर्ज बँक्सचा मुलगा लुई. तो पियानोवादक झाला, कलकत्त्याहून मुंबईला आला आणि भारतीय जॅझचा सर्वांत परिचित चेहरा ठरला. १९८८ साली दूरदर्शनवर सुरू झालेल्या 'मिले सुर मेरा तुम्हारा'च्या मागे त्याचेही संगीत होते. ज्याने जॅझचे नाव कधी घेतले नाही अशा घरातही ते गुणगुणले गेले.

१९५८ साली डेव्ह ब्रूबेक हा पियानोवादक अमेरिकी परराष्ट्र खात्याच्या पाठिंब्याने भारतात आला. १९६३ साली ड्यूक एलिंग्टन आला. जॅझ ही आता अमेरिकेची सरकारी मान्यतेची निर्यात झाली होती, आणि मुंबईच्या श्रोत्यांनी त्यांचे जाणकारीने स्वागत केले. ही जाणकारी आली कुठून, असे कोणी विचारले नसावे. वीस-बावीस वर्षांपूर्वी कोणताही दूतावास पाठीशी नसलेला एक माणूस रोज रात्री ती पेरत होता.

आणखी एक गोष्ट. १९७७ साली अमेरिकेने व्हॉयेजर यानांबरोबर पृथ्वीवरच्या आवाजांची एक सोनेरी तबकडी अंतराळात पाठवली. तिच्यावर भारतातून केसरबाई केरकरांची भैरवी आहे. तिच्यावर लुई आर्मस्ट्राँगही आहे, १९२७चा. एक माणूस १९२६ साली आर्मस्ट्राँगच्या शेजारी बसून वाजवत होता आणि दहा वर्षांनी केसरबाई ज्या शहरात तालीम घेत होत्या त्याच शहरात, त्यांच्याच मुलखातल्या वादकांबरोबर वाजवत होता. तबकडीवर तो नाही, आणि नसावा यात अन्यायही नाही. एका तबकडीवर मावेल तितकेच मावते.

'तो मायदेशी राहिला असता तर' हे वाक्य म्हणूनच मला अपुरे वाटते. राहिला असता तर अमेरिकेला आणखी एक मोठा पियानोवादक मिळाला असता, आणि त्या बदल्यात मागच्या दाराची वाट त्याला जन्मभर चालावी लागली असती. तो निघाला, म्हणून मनिला-शांघायच्या, धोबी तलावच्या, रंगूनहून चालत आलेल्या आणि दार्जिलिंगहून उतरलेल्या वादकांना शेजारी बसायला एक पियानो मिळाला. त्यांनी त्याचे नाव घेताना कानाला हात लावला नसेल. पण वरातीतल्या बँडने 'अलबेला'ची चाल धरली आणि आपला पाय आपोआप दुसऱ्या-चौथ्या मात्रेवर पडला, तर ती मात्रा कोणाच्या डाव्या हाताकडून आपल्यापर्यंत आली याची आठवण ठेवायला आपल्याला कोणाची हरकत नाही.